पडद्यावरचीं घरें आणि त्यांचा शिल्पकार

‘घर पाहावें बांधून आणि लग्न पाहावें करून’ अशी आपल्याकडे जुनी म्हण आहे. घर बांधतांना माणसाची जी त्रेधा उडते, ती ज्यानें एकदां अनुभविली तो पुन्हा त्या वाटेस सहसा जात नाहीं. परंतु या जगांत असाहि एक कारागीर आहे, कीं ज्याच्या वांट्यास जन्मभर घरेंच बांधणें येतें. तो राजवाडा बांधतो, झोपडी बांधतो, छापखाना बांधतो, आगगाडीचा डबाहि बांधतो. आणि त्यांतील एकाहि वास्तूंत कोणी राहावयास येत नाहीं. काम संपलें, कीं हातोडे घेऊन मजूर येतात आणि महिनाभराची मेहनत दोन दिवसांत जमीनदोस्त होते. त्यांतहि विशेष असा, कीं हें घर मुद्दाम उभारलेलें आहे अशी नुसती शंका जरी पाहणाऱ्यास आली, तरी कारागिराचें काम फसलें असें समजावयाचें! हा कारागीर म्हणजे चित्रपटाचा कलादिग्दर्शक होय.

चित्रपट पाहून मंडळी घरीं परततात तेव्हां नटाच्या अभिनयाविषयीं बोलणें होतें, गाण्यांविषयीं होतें, क्वचित् छायाचित्रणाविषयींहि होतें. ‘त्या घराची भिंत किती चांगली होती’ असें म्हणणारा मनुष्य विरळा. तथापि त्या घरांतील माणसें दरिद्री आहेत, कधीं काळीं त्यांना बरे दिवस होते, गेल्या पावसाळ्यांत छप्पर गळलें असून अद्याप शाकारलेलें नाहीं, इतक्या सर्व गोष्टी एकाहि पात्रानें न सांगतां प्रेक्षकाला कळलेल्या असतात. त्या कोणी सांगितल्या? भिंतीनें सांगितल्या. आणि भिंतीच्या तोंडीं हें भाषण ज्यानें घातलें, त्याचें नांव श्रेयनामावलींत येऊन जातें तेव्हां प्रेक्षक आपली जागा शोधीत असतो किंवा चपला शोधीत असतो.

या पेशाला इंग्रजींत पूर्वीपासून ‘आर्ट डायरेक्टर’ असें म्हणत. इ.स. १९३९ सालीं अमेरिकेंत ‘गॉन विथ द विंड’ हा प्रचंड चित्रपट निघाला. त्याचा निर्माता डेव्हिड सेल्झनिक यानें विल्यम कॅमेरॉन मेन्झीस या कलावंताकडे केवळ भिंती आणि खांब सोंपविले नाहींत. सबंध चित्रपट डोळ्यांना कसा दिसावा, रंग कोणते असावेत, प्रत्येक प्रसंग चौकटींत कसा मांडला जावा, हें सर्व त्याच्या हवालीं केलें. मेन्झीसनें चित्रपटाचे प्रसंग आधीं कागदावर रेखाटून दाखविले. या व्यापक कामगिरीला साजेसें म्हणून ‘प्रॉडक्शन डिझायनर’ हें नवें नामाभिधान त्याला देण्यांत आलें, आणि पुढें तें रूढ झालें. नांव कोणतेंहि असो, धर्म एकच : कथा ज्या जागीं घडते ती जागा निर्माण करणें, आणि तीहि अशी, कीं ती कथेंतूनच उगवली असावी असें वाटावें.

हें काम नाटकाच्या पडद्याहून भिन्न कसें, हें समजून घेणें अगत्याचें आहे. आपल्या रंगभूमीवर जंगल, रस्ता, राजवाडा यांचे रंगविलेले पडदे असत, आणि तशा पडद्यांच्या चित्रकारींतूनच बाबूराव पेंटर यांच्यासारखे थोर कलावंत चित्रपटाकडे वळले, हें महाराष्ट्रास ठाऊक आहे. परंतु नाटकाचा प्रेक्षक एका खुर्चीवर बसलेला असतो. त्याच्या आणि पडद्याच्या मधलें अंतर सुटत नाहीं. म्हणून रंगानें काढलेला खांब त्याला खांब वाटतो. कॅमेऱ्याचें तसें नाहीं. तो चालतो, जवळ जातो, भिंतीला नाक लावून पाहतो. दिव्याचा उजेड तिरपा पडला, कीं खऱ्या विटेच्या कडेला सावली पडते. रंगविलेल्या विटेला ती पडत नाहीं. मग सारें सोंग उघडें पडतें. आपल्या देशांतील स्टुडिओंतून हीं पडद्याचीं सोंगें बराच काळ चालूं राहिलीं. तीं दूर सारून पडद्यावरच्या घरांत खरेपणा आणण्याचें कार्य ज्यांनीं केलें त्यांत बन्सी चंद्रगुप्त यांचें नांव अग्रभागीं घ्यावें लागतें.

बन्सी चंद्रगुप्त यांचा जन्म इ.स. १९२४ मध्यें पंजाबांतील सियालकोट येथें झाला. बालपण काश्मिरांत श्रीनगरास गेलें. चित्रकलेची ओढ लहानपणापासूनची. त्याच ओढीनें ते तरुणपणीं कलकत्त्यास आले. तेथें चित्रें काढून पोट भरणें कठीण, म्हणून ते सिनेमाच्या स्टुडिओंत शिरले. काश्मीरचा हा तरुण बंगालच्या खेड्यांचा आणि वाड्यांचा पडद्यावरील शिल्पकार व्हावा, हा योगायोग मोठा गमतीचा आहे. परंतु परक्या प्रांतांत आलेल्या मनुष्याचा एक फायदा असा, कीं जें स्थानिक माणसाच्या डोळ्यांना रोजच्या संवयीनें दिसेनासें झालेलें असतें, तें त्याला स्वच्छ दिसतें. कोनाडा कोठें असतो, तुळशीवृंदावन अंगणाच्या कोणत्या बाजूस असतें, कंदील कोणत्या खुंटीला टांगतात, हें त्याला प्रयत्नानें पाहावें लागतें. आणि प्रयत्नानें पाहिलेलें विसरत नाहीं.

इ.स. १९४७ मध्यें कलकत्त्यांत कांहीं चित्रपटवेड्या तरुणांनीं ‘कलकत्ता फिल्म सोसायटी’ स्थापन केली. तींत सत्यजित राय होते, चिदानंद दासगुप्त होते, आणि बन्सी चंद्रगुप्तहि होते. राय हे त्या वेळीं एका जाहिरात-संस्थेंत चित्रकार म्हणून नोकरीस होते. परदेशचे उत्तमोत्तम चित्रपट मिळवून पाहावे, त्यांवर वाद घालावा, आणि आपल्या देशांत असे चित्रपट कां निघत नाहींत याबद्दल हळहळावें, हा या मंडळींचा व्यवसाय. अशा बैठकी गांवोगांव होतात आणि चहाच्या पेल्याबरोबर संपतात. ही बैठक मात्र फळाला आली.

त्याला एक निमित्त घडलें. इ.स. १९४९ मध्यें ज्याँ रेन्वार हे विख्यात फ्रेंच दिग्दर्शक ‘द रिव्हर’ या रंगीत चित्रपटासाठीं बंगालमध्यें आले. त्यांचे कलादिग्दर्शक यूजीन लूरिए हे होते. रेन्वार यांच्या ‘ला ग्रांद इल्युझियाँ’ आणि ‘ला रेगल द्यु ज्यु’ या गाजलेल्या चित्रपटांचीं स्थळें लूरिए यांनींच सजविलेलीं. या लूरिएंच्या हाताखालीं चंद्रगुप्त यांना काम करावयास मिळालें. शिकणारा हुशार असला म्हणजे गुरूनें फळ्यावर लिहून द्यावें लागत नाहीं. नुसतें शेजारीं उभें राहूं दिलें तरी पुरतें. गंगेच्या कांठचीं खरीं घरें, खरे घाट आणि उभारलेले देखावे यांचा सांधा कोठें आहे हें ओळखूं येऊं नये इतक्या बेमालूमपणें तो कसा जुळवावयाचा, याचा धडा चंद्रगुप्त यांना तेथें मिळाला. पुढच्या सगळ्या आयुष्यांत त्यांनीं तोच गिरविला.

मग ‘पथेर पांचाली’चें पर्व आलें. चित्रणाचा आरंभ इ.स. १९५२ मध्यें झाला आणि चित्रपट प्रदर्शित झाला तो १९५५ मध्यें. मधल्या काळांत पैसे संपले कीं काम थांबे, मिळाले कीं पुन्हा सुरू होई. दिग्दर्शक राय यांनीं पूर्वीं एकहि चित्रपट केलेला नव्हता. छायालेखक सुब्रत मित्र अवघे एकवीस वर्षांचे. त्यांनीं चित्रपटाचा कॅमेरा कधीं चालविलेला नव्हता. अशा या नवशिक्यांच्या मेळ्यांत स्टुडिओच्या कामाचा अनुभव ज्याच्या गांठीं होता असा मनुष्य चंद्रगुप्त.

कथेंतील हरिहर पुरोहिताचें घर म्हणून कलकत्त्याजवळच्या बोडाल या गांवचें एक पडकें घर भाड्यानें घेण्यांत आलें. वरवर पाहतां येथें कलादिग्दर्शकास काय काम, असें वाटेल. घर आहे, पडकें आहे, आणखी काय पाहिजे? परंतु पडकें घर आणि गरिबांचें राहतें घर या दोन वस्तु अगदीं भिन्न आहेत. पडक्या घरांत नुसता काळ राहतो. राहत्या घरांत काळाशीं झगडणारी गृहिणी राहते. भिंत ढांसळलेली असेल, पण तिच्या पायथ्याशीं सारवण असतें. दार मोडकें असेल, पण त्याची कडी हाताच्या स्पर्शानें गुळगुळीत झालेली असते. म्हणून त्या उजाड घराची डागडुजी करून, ओटी, अंगण, स्वयंपाकाची जागा हीं कथेस पाहिजेत तशीं करून, सर्वजयेचा संसार त्यांत मांडावा लागला.

याहूनहि अवघड गोष्ट पुढेंच होती. रात्रीचे प्रसंग त्या खेड्यांत चित्रित करणें शक्य नव्हतें. ते स्टुडिओंत करावयाचे होते. याचा अर्थ, बोडालच्या त्याच घराचा कांहीं भाग कलकत्त्याच्या स्टुडिओंत पुनः हुबेहूब उभा करणें. प्रेक्षक दिवसा ज्या ओटीवर दुर्गेला पाहतो तीच ओटी रात्रीं कंदिलाच्या उजेडांत त्यानें ओळखली पाहिजे. एक भेग जरी चुकली, एका पोपड्याचा आकार जरी बदलला, तरी मन कोठें तरी अडखळतें. बुद्धीला कारण सांगतां येत नाहीं, पण विश्वास उडतो. ‘पथेर पांचाली’ पाहून सत्तर वर्षे लोकांनीं डोळ्यांतून पाणी काढलें. त्यांपैकीं किती जणांना हा सांधा दिसला असेल? दिसला नाहीं, हेंच त्या कामाचें प्रशस्तिपत्रक.

असा देखावा प्रत्यक्ष बांधतात कसा, तें थोडक्यांत पाहूं. प्रथम कथा वाचून प्रत्येक स्थळाची याद होते. मग दिग्दर्शकाशीं बसून पात्रें कोणत्या दारानें येणार, कोठें बसणार, कॅमेरा कोठें राहणार, हें ठरतें. त्यावरून जमिनीचा नकाशा आणि भिंतींचीं मापें तयार होतात. कित्येकदां पुठ्ठ्याची लहान प्रतिकृतीहि करतात. मग सुतार लांकडी चौकटी ठोकतात. त्यांवर फळ्या किंवा कापड चढवून वर गिलावा देतात. विटा, नक्षी, खांबांचीं शीर्षें यांचे साचे घेऊन प्लास्टर ऑफ पॅरिसमध्यें ओततात. भिंती अशा जोडतात, कीं एखादी बाजू काढून घेतां यावी. कारण चार बंद भिंतींच्या खोलींत कॅमेरा, दिवे आणि दहा माणसें मावणार कशीं? बहुतेक देखाव्यांना छत नसतें. दिवे वरून सोडावयाचे असतात.

येथवर सुतारकी झाली. खरी कला यापुढें आहे. नवी कोरी भिंत जुनी करावयाची असते. कालचा गिलावा आज पन्नास वर्षांचा दिसला पाहिजे. त्यासाठीं रंगाचे पातळ हात एकावर एक देऊन मधून मधून खरवडतात. चुलीच्या वर काजळी धरवितात. पन्हळीखालीं शेवाळी छटा आणतात. जेथें माणसें टेकून बसतात तेथें भिंतीला डोक्याच्या तेलाचा डाग पाडतात. हा डाग कोठें पाडावा हें ज्याला कळतें तो कलावंत. कारण डाग पाडण्यापूर्वीं त्यानें मनाशीं ठरविलेलें असतें, कीं या घरांत आजोबा आहेत, ते संध्याकाळीं येथें बसतात, आणि त्यांची उंची अमुक आहे. जें पात्र कथेंत नाहींहि, त्याचा डाग मात्र भिंतीवर असूं शकतो.

भिंतीइतकाच उजेडहि या पेशाचा विषय आहे, आणि याचें उत्तम उदाहरण ‘अपराजितो’ या इ.स. १९५६ च्या चित्रपटांत सांपडतें. यांतील कुटुंब काशीस जाऊन राहतें. काशीच्या जुन्या घरांत मधोमध चौक असतो आणि वरून आभाळाचा तुकडा दिसतो. त्या तुकड्यांतून येणारा उजेड मंद, सर्वत्र सारखा पसरलेला, सावली न पाडणारा असतो. राय आणि चंद्रगुप्त यांना हा चौक पावसाळ्याच्या अडचणीमुळें कलकत्त्यास स्टुडिओंत उभारावयाचा होता. छायालेखक मित्र यांचें म्हणणें पडलें, कीं असा उजेड स्टुडिओच्या दिव्यांनीं निर्माण होणें शक्य नाहीं. एका वस्तूच्या चार सावल्या पडतील आणि घर खोटें दिसेल. आक्षेप रास्त होता. पण चौक स्टुडिओंतच बांधावयाचा असें ठरलें, तेव्हां मित्र यांनीं तोड काढली. चौकावर आभाळाच्या जागीं पांढरें कापड ताणून बसविलें, आणि दिव्यांचा झोत सरळ खालीं न सोडतां त्या कापडावर टाकला. कापडावरून परतलेला उजेड आभाळाच्या उजेडासारखा हळुवार खालीं उतरला. परतलेल्या उजेडाची ही रीत पुढें मित्र यांच्या नांवाशीं कायमची जोडली गेली, आणि तें श्रेय त्यांचेंच. परंतु इतका खरा चौक समोर उभा नसता, तर खऱ्या उजेडाचा हट्ट तरी कोणी धरला असता? चांगला देखावा शेजारच्या कारागिरालाहि चांगलें काम करावयास भाग पाडतो.

इ.स. १९५८ चा ‘जलसाघर’ हा एका लयास चाललेल्या जमीनदाराचा चित्रपट. त्यासाठीं मुर्शिदाबाद जिल्ह्यांत पद्मेच्या कांठीं निमतिता येथील जुना वाडा मिळाला. नदीनें जमीन गिळीत आणलेली, समोर ओसाड वाळवंट, आणि मध्यें तो खांबांचा वाडा. कथेला असें स्थळ शोधूनहि सांपडणार नाहीं. परंतु ज्या दालनावरून चित्रपटाचें नांव, तें गाण्याच्या जलशाचें दालन तेथें पाहिजे तसें नव्हतें. तें चंद्रगुप्त यांनीं स्टुडिओंत उभारलें. झुंबर, पूर्वजांचीं तैलचित्रें, मोठा आरसा आणि गालिचे असलेलें हें दालन म्हणजे त्या चित्रपटांतील एक पात्रच आहे. तें प्रथम झगमगतें, मग बंद होतें, धूळ खातें, आणि शेवटल्या जलशासाठीं पुनः उघडतें. म्हणजे एकाच खोलीचीं तीन वयें दाखवावयाचीं! नटाला म्हातारपण दाखविण्यास चेहरा असतो, चाल असते, आवाज असतो. खोलीला फक्त धूळ आणि उजेड.

‘चारुलता’ हा इ.स. १९६४ चा चित्रपट रवींद्रनाथांच्या ‘नष्टनीड’ या कथेवरचा. काळ इ.स. १८७९-८०, स्थळ कलकत्त्यांतील एका श्रीमंत, इंग्रजी वळणाच्या गृहस्थाचा वाडा. या वाड्याचा अंतर्भाग स्टुडिओंत बांधलेला आहे. नायिका चारु एकटी आहे; पति आपल्या वृत्तपत्रांत गढलेला. चित्रपटाच्या आरंभीं ती दुर्बीण घेऊन एका खिडकींतून दुसऱ्या खिडकीकडे जाते, झडपांच्या फटींतून रस्त्यावरची रहदारी पाहते, आणि जवळून निघून जाणाऱ्या पतीलाहि त्याच दुर्बिणींतून न्याहाळते. आतां कलादिग्दर्शकाच्या नजरेनें हें पाहावें. खोल्या एकीमागून एक नसत्या, मधून लांब सज्जा नसता, खिडक्यांना झडपा नसत्या, तर हें एकटेपण दाखवावयाचें कसें? भिंतींवर नक्षी आहे, पलंग कोरीव आहे, सामान उंची आहे. कशाची वाण नाहीं. पिंजरा सोन्याचा आहे असें कोणी म्हणत नाहीं. तो बांधून ठेवलेला आहे. त्या काळचें सामान, कापड, छपाई, दिवे यांचा कसून शोध घेतल्यावांचून असें घर उभें राहत नाहीं. इतिहासाचा शिक्षक सनावळी पाठ करून घेतो. कलादिग्दर्शकाला त्या सनामध्यें दाराला कडी कोणत्या घाटाची होती, हें पाठ असावें लागतें.

‘नायक’ या इ.स. १९६६ च्या चित्रपटांतील उदाहरण अगदीं निराळ्या जातीचें आहे. एक प्रसिद्ध नट कलकत्त्याहून दिल्लीस आगगाडीनें जातो, आणि जवळजवळ सारी कथा गाडींतच घडते. हा गाडीचा अंतर्भाग, डबे, भोजनाचा डबा, सर्व स्टुडिओंत उभारण्यांत आलें; खिडक्यांबाहेर धांवणारा मुलूख पडद्यावर मागून चित्र टाकून दाखविला. येथें कल्पनेला वाव नव्हता. जुन्या जमीनदाराचें दालन प्रत्यक्ष पाहिलेले प्रेक्षक थोडे. आगगाडी मात्र प्रत्येकानें पाहिलेली. बांकाची उंची, खिडकीची चौकट, कडीचा आकार, यांत चूक झाली तर पोरहि हंसेल. वाडा बांधण्यापेक्षां आगगाडी बांधणें म्हणूनच कठीण. सर्वांच्या ओळखीची वस्तु खरी करून दाखविणें हीच या कलेची शेवटली परीक्षा.

या पेशाची व्यावहारिक बाजूहि लक्षांत घेतली पाहिजे. कलादिग्दर्शक हा चित्रकार तर असतोच, पण तो मुकादमहि असतो आणि कारकूनहि असतो. सुतार, रंगारी, गवंडी, सामान पुरविणारे यांच्याशीं त्याला बोलावें लागतें. लांकूड किती, खिळे किती, मजुरी किती याचा हिशेब द्यावा लागतो. ठरल्या दिवशीं देखावा उभा नसेल, तर नट, दिवे, कॅमेरा सर्व खोळंबतात आणि पैशाचा चुराडा होतो. म्हणून पैसा कोठें खर्चावा याहिपेक्षां कोठें खर्चूं नये हें कळणें महत्त्वाचें. जी बाजू कॅमेऱ्याला दिसणार नाहीं ती बांधावयाची नाहीं. जी दिसणार तींत काटकसर करावयाची नाहीं. राय यांचे आरंभींचे चित्रपट अत्यंत थोड्या पैशांत झाले. श्रीमंत निर्मात्याकडे कुशल कारागिराची कला खुलते हें खरें, पण ती पारखली जाते ती तुटपुंज्या पैशांत.

इ.स. १९७० नंतर चंद्रगुप्त यांचा मुक्काम बव्हंशीं मुंबईस हलला. हिंदी चित्रपटांच्या झगमगाटांतहि त्यांनीं काम केलें. ‘सीमा’साठीं १९७२ मध्यें आणि ‘दो झूठ’साठीं १९७६ मध्यें त्यांना फिल्मफेअरचीं पारितोषिकें मिळालीं. हीं पारितोषिकें हिंदी चित्रपटांचीं. ज्या बंगाली चित्रपटांतून त्यांनीं आपल्या कलेचा पाया घातला ते त्या स्पर्धेंत नव्हतेच. इ.स. १९७७ मध्यें राय यांनीं प्रेमचंदांच्या कथेवरून ‘शतरंज के खिलाडी’ हा हिंदी चित्रपट केला, तेव्हां हे दोघे जुने स्नेही पुनः एकत्र आले. इ.स. १८५६ चें लखनौ, एकीकडे वाजिदअली शहाचा दरबार आणि बुद्धिबळांत बुडालेल्या सरदारांचे दिवाणखाने, दुसरीकडे इंग्रज रेसिडेंटाची कचेरी. दोन राज्यांचा झगडा दोन प्रकारच्या खोल्यांतून दिसतो.

महाराष्ट्राच्या दृष्टीनें त्यांचें शेवटलें मोठें काम विशेष जिव्हाळ्याचें आहे. जयवंत दळवी यांच्या ‘चक्र’ या कादंबरीवरून रवींद्र धर्मराज यांनीं इ.स. १९८१ मध्यें त्याच नांवाचा हिंदी चित्रपट काढला. मुंबईच्या झोपडपट्टींत राहणाऱ्या अम्मेची ही कथा. स्मिता पाटील यांची ती भूमिका मराठी माणूस विसरलेला नाहीं. या चित्रपटांतील वस्ती चंद्रगुप्त यांनीं उभारलेली आहे. वाड्याला वास्तुशिल्पाचे नियम असतात; झोपडपट्टीला नसतात. तेथें प्रत्येक जण मिळेल तो पत्रा, मिळेल तें तरट, मिळेल तो पुठ्ठा घेऊन मिळेल त्या जागेंत आपला आडोसा करतो. शंभर माणसांनीं शंभर निरनिराळ्या गरजांनीं केलेली ही रचना एका माणसानें कागदावर आंखावयाची, आणि ती आंखलेली दिसूं द्यावयाची नाहीं! अव्यवस्था ही व्यवस्थेपेक्षां आंखावयास कठीण. शिवाय येथें एक नैतिक कसोटीहि होती. दारिद्र्य नटवून दाखविलें तर तो त्या माणसांचा अपमान होतो. किळस येईल असें दाखविलें तरीहि अपमानच होतो. त्या वस्तींत घाण आहे, पण घांसलेलीं भांडींहि आहेत. सर्वजयेच्या सारवलेल्या अंगणाची आणि अम्मेच्या झोपडीची जात एकच. तीस वर्षांच्या अंतरानें, बोडालच्या खेड्यांत आणि मुंबईच्या वस्तींत, या कारागिराची नजर माणूस घर कसें धरून ठेवतो याच एका गोष्टीवर खिळलेली होती.

त्याच वर्षीं अपर्णा सेन यांच्या ‘३६ चौरंघी लेन’ या चित्रपटांत एका एकाकी अँग्लो-इंडियन शिक्षिकेचें घर त्यांनीं सजविलें. आणि त्याच वर्षीं, १९८१ च्या जून महिन्यांत, अमेरिकेंत न्यूयॉर्क राज्यांत असतांना बन्सी चंद्रगुप्त यांचें निधन झालें. वय अवघें सत्तावन्न. ‘चक्र’साठीं फिल्मफेअरचें पारितोषिक त्यांना जाहीर झालें तें १९८२ मध्यें, म्हणजे मरणोत्तर, आणि १९८३ मध्यें इंग्लंडांतील ‘ईव्हनिंग स्टँडर्ड’चें पारितोषिकहि त्यांच्या पश्चात् देण्यांत आलें. सन्मान आले, पण ते घेण्यास घरधनी राहिला नव्हता.

आतां काळ पालटला आहे. संगणकाच्या साह्यानें सबंध नगरें पडद्यावर उभीं राहतात. सुताराच्या हातोड्याविनाहि किल्ले बांधले जातात. त्यांत वावगें कांहीं नाहीं. पडद्यावरून प्लास्टरकडे आणि प्लास्टरकडून संगणकाकडे जाणें हा साधनांचा प्रवास झाला. परंतु भिंतीवर तेलाचा डाग कोठें पडावा, हें संगणकालाहि कोणी तरी सांगावेंच लागतें. आणि तें सांगण्यासाठीं त्या घरांतल्या आजोबांची उंची कोणाला तरी ठाऊक असावी लागते.

चित्रकाराचें चित्र भिंतीवर राहतें, कवीचें काव्य पोथींत राहतें. ‘जलसाघर’मधील तें दालन, ‘चारुलता’चा तो सज्जा, ‘नायक’मधील ती आगगाडी, यांचीं लांकडें केव्हांच दुसऱ्या देखाव्यांस लागलीं असतील. राहिला तो फक्त त्यांच्यावरून फिरलेला उजेड. तोच आज पडद्यावर दिसतो. पुढच्या वेळीं ‘पथेर पांचाली’ लागला असतां दुर्गेकडे आणि अपूकडे पाहून झाल्यावर, एक क्षणभर त्यांच्या मागच्या भिंतीकडेहि पाहावें. ती कोणी तरी बांधलेली आहे. आणि श्रेयनामावली चालू असतांना चपला शोधण्याची घाई थोडी कमी केली, तर त्याचें नांवहि वाचावयास मिळेल.